लिंकन गावात दिलेला शब्द

२७ मार्च १८८१. अमेरिकेतल्या न्यू मेक्सिकोच्या सांता फे गावच्या तुरुंगातून एका कैद्याने गव्हर्नरला चिठ्ठी लिहिली. कैद्याचे वय एकविशीच्या आसपास. चिठ्ठी जेमतेम तीन ओळींची: शेवटचे विचारतो, तुम्ही शब्द पाळणार आहात का? उद्या मला इथून खाली नेणार आहेत. उत्तर याच माणसाच्या हाती पाठवा.

उत्तर आले नाही. त्याआधी त्याच तुरुंगातून त्याने आणखी तीन पत्रे पाठवली होती, त्यांनाही आले नव्हते. ४ मार्चच्या पत्रातले एक वाक्य मला पाठ झाले आहे. मी जे जे कबूल केले होते ते सगळे केले, आणि तुम्ही जे कबूल केले होते त्यातले काहीच केले नाही, असे त्याने लिहिले होते. पत्राखाली सही डब्ल्यू. एच. बॉनी अशी आहे. जग त्याला बिली द किड म्हणून ओळखते.

या नावाभोवती दीडशे वर्षांत गोष्टींचा एवढा ढीग साचला आहे, की त्याखाली ही पत्रे दिसेनाशी झाली. वयाच्या प्रत्येक वर्षाला एक याप्रमाणे त्याने एकवीस माणसे मारली, ही त्यातली सगळ्यात लाडकी गोष्ट. अभ्यासकांच्या हिशेबाने त्याने एकट्याने मारलेली माणसे चार, आणि टोळीबरोबर असताना ज्यांत त्याचा हात होता असे आणखी काही खून. चार हाही आकडा लहान नाही. तो चांगला माणूस होता असे मला सांगायचेच नाही. त्याला सरकारने एक शब्द दिला, त्याबदल्यात त्याच्याकडून हवे ते घेतले आणि शब्द मोडला, हे मला सांगायचे आहे. हा हिशेब अजून मिटलेला नाही.

प्रश्न जुना असला तरी तो आपल्या काळात सरकारच्या टेबलावर येऊन गेला. २०१० साली न्यू मेक्सिकोचे गव्हर्नर बिल रिचर्डसन यांच्याकडे एका वकीलबाईंनी रीतसर अर्ज केला, की शेरीफ, म्हणजे जिल्ह्याचे मुख्य पोलीस अधिकारी, विल्यम ब्रेडी यांच्या खुनापुरती बिलीला माफी द्यावी. लोकांची मते मागवली गेली, शेकडो पत्रे आली. ज्याने बिलीला गोळी घातली त्या शेरीफ पॅट गॅरेटच्या वंशजांनी विरोध केला, ज्याने शब्द दिला त्या गव्हर्नर लू वॉलेसच्या वंशजांनीही केला. ३१ डिसेंबर २०१० ला, म्हणजे कारकिर्दीच्या शेवटच्या दिवशी, रिचर्डसन यांनी टीव्हीवर नकार जाहीर केला. माझ्या मते तो निर्णय चुकला. तो का चुकला हे समजायला १८७८ च्या लिंकन गावात जावे लागते.

लिंकन म्हणजे डोंगरांच्या बेचक्यात वसलेले, एकाच रस्त्याचे गाव. त्या रस्त्यावर एक दोन मजली इमारत होती. लॉरेन्स मर्फी आणि जेम्स डोलन यांचे ते दुकान, लोक त्याला नुसते ‘द हाउस’ म्हणत. आपल्याकडच्या जुन्या सावकारी पेढीसारखाच तो प्रकार. आसपासच्या शेतकऱ्याने बी-बियाणे उधारीवर तिथूनच घ्यायचे, पीक तिथेच घालायचे, भाव दुकानाने ठरवायचा. पण खरा पैसा शेतकऱ्यांकडून येत नव्हता. जवळच फोर्ट स्टँटन ही लष्करी छावणी होती आणि तिकडे मेस्कालेरो अपाची लोकांची राखीव वसाहत. दोन्हीकडे मांस आणि पीठ पुरवण्याची सरकारी कंत्राटे ज्याच्या हातात, त्याच्या हातात सगळा मुलूख. आणि दुकानाच्या पाठीशी सांता फेमधले वकील, अधिकारी आणि जमीनदार यांचे कडे होते. थॉमस कॅट्रन हे त्यातले सगळ्यात मोठे नाव. ते त्या प्रदेशाचे केंद्रीय सरकारी वकील होते, आणि डोलनच्या दुकानाची मालमत्ता गहाण होती ती त्यांच्याकडेच.

या मक्तेदारीला आव्हान द्यायला जॉन टन्स्टल नावाचा चोवीस वर्षांचा इंग्रज तरुण आला. त्याने अलेक्झांडर मॅकस्वीन या वकिलाच्या साथीने त्याच रस्त्यावर दुसरे दुकान टाकले. मर्फीच्या एका मृत भागीदाराच्या दहा हजार डॉलरच्या विम्यावरून आधीच वाद पेटला होता. मॅकस्वीनने ती रक्कम दाबली असा दावा करून डोलन गटाने न्यायालयातून जप्तीचा हुकूम आणला. शेरीफ ब्रेडीने त्या हुकमाच्या आधारे मॅकस्वीनबरोबर टन्स्टलच्याही मालाला हात घातला आणि त्याची जनावरे जप्त करायला माणसे पाठवली. १८ फेब्रुवारी १८७८ ला त्या माणसांनी टन्स्टलला रानात गाठून गोळ्या घातल्या.

ती माणसे कोण होती? कागदावर ती शेरीफची, म्हणजे कायद्याची माणसे. प्रत्यक्षात त्यांत जेसी इव्हान्सच्या टोळीतले लोक होते. ही टोळी घोडे आणि गुरे चोरण्याबद्दल त्या प्रदेशात कुप्रसिद्ध होती.

टन्स्टलच्या पदरी काम करणाऱ्या मुलांत बिली होता. धन्याचा खून झाल्यावर त्याने लगेच बंदूक उचलली असेल असे वाटते. तसे झाले नाही. गावचा लहान न्यायाधीश जॉन विल्सन याच्यापुढे शपथेवर तक्रार झाली, त्याने खुन्यांच्या नावाने वॉरंट काढले, आणि गावचा कॉन्स्टेबल ते बजावायला डोलनच्या दुकानावर गेला तेव्हा मदतनीस म्हणून बिली त्याच्याबरोबर होता. शेरीफ ब्रेडीने वॉरंट बजावू दिले नाही. उलट त्यांनाच धरून ठेवले आणि बिलीची रायफल काढून घेतली.

मग विल्सनने टन्स्टलचा मुकादम डिक ब्रूअर याला खास कॉन्स्टेबल नेमले. त्याच्याबरोबरच्या माणसांनी स्वतःला ‘रेग्युलेटर्स’ म्हणवून घेतले. त्यांच्या खिशात वॉरंट होते. त्यांनी दोन आरोपी पकडले आणि ते दोघे जिवंत गावात पोहोचले नाहीत. ही गोष्ट मी झाकणार नाही, तो कायद्याच्या नावाने केलेला खून होता असेच मी मानतो. पण त्याच सुमारास, ९ मार्च १८७८ ला, गव्हर्नर सॅम्युएल ॲक्स्टेल लिंकनला आले, काही तास थांबले आणि एक जाहीरनामा काढून गेले: विल्सनची नेमणूकच बेकायदा आहे, म्हणून त्याने काढलेली वॉरंटे आणि केलेल्या नेमणुकाही रद्द. सकाळी जे कायद्याचे शिपाई होते ते संध्याकाळी फरारी गुन्हेगार झाले. त्यांनी त्या दिवशी काय केले याच्याशी या बदलाचा काही संबंध नव्हता. एका कागदाने ते घडले. पुढे वॉशिंग्टनहून आलेल्या फ्रँक एंजल या तपास अधिकाऱ्याने चौकशी केली आणि त्याच्या अहवालानंतर ॲक्स्टेल यांना पदावरून जावे लागले.

सरहद्दीवरच्या ‘कायदा विरुद्ध गुन्हेगार’ या चित्राबद्दल मला जे म्हणायचे आहे ते इथे आहे. तिथे दोन बाजू होत्या, दोन्हीकडे बंदुका होत्या आणि दोन्हीकडे कागद होते. चांदीचा बिल्ला कोणाच्या छातीवर लागतो हे कंत्राटे कोणाकडे आहेत यावर ठरत होते.

१ एप्रिल १८७८ ला सकाळी ब्रेडी आपल्या माणसांसह लिंकनच्या रस्त्याने चालला होता. टन्स्टलच्या दुकानाशेजारच्या भिंतीआडून रेग्युलेटर्सनी गोळ्या झाडल्या. ब्रेडी जागच्या जागी गेला, त्याचा मदतनीस जॉर्ज हिंडमनही गेला. आडोशाला पाच-सहा जण होते, त्यांतला एक बिली. कोणाची गोळी ब्रेडीला लागली हे तेव्हा कोणी सांगू शकले नाही, आजही सांगता येत नाही. दबा धरून, पाठमोऱ्या माणसावर केलेला हा हल्ला भ्याड होता. ब्रेडीच्या मागे बायको होती, मुलाबाळांनी भरलेले घर होते. माफीला विरोध करणारे त्या घराची आठवण देतात आणि ती द्यायलाच हवी.

जुलैमध्ये गावात पाच दिवस लढाई झाली. फोर्ट स्टँटनहून कर्नल डडली सैनिक, एक तोफ आणि गॅटलिंग बंदूक घेऊन आला. आपण कोणाच्या बाजूने नाही असे म्हणतच त्याने अशी जागा धरली, की मॅकस्वीनच्या लोकांना गोळीबार करणे अशक्य झाले. १९ जुलैला मॅकस्वीनचे घर पेटवून दिले गेले, बाहेर पडताना मॅकस्वीन मारला गेला, बिली अंधारातून निसटला.

अशा मुलखात लू वॉलेस नवे गव्हर्नर म्हणून आले. यादवी युद्धातले सेनापती, व्यवसायाने वकील, आणि रात्री जागून एक कादंबरी पुरी करण्यात गुंतलेले. ती कादंबरी पुढे जगभर गाजली. १३ नोव्हेंबर १८७८ ला त्यांनी लिंकनच्या भांडणात सापडलेल्यांसाठी सार्वत्रिक माफी जाहीर केली. ज्यांच्यावर आधीच आरोपपत्र दाखल होते त्यांना ती लागू नव्हती, त्यामुळे बिली बाहेर राहिला. त्यानंतर टन्स्टलच्या खुनाला बरोबर एक वर्ष झाले त्या रात्री, १८ फेब्रुवारी १८७९ ला, मॅकस्वीनच्या विधवेचा वकील ह्यूस्टन चॅपमन याला भर रस्त्यात गोळी घातली गेली. डोलन, जेसी इव्हान्स आणि बिली कॅम्पबेल तिथे होते. बिली द किडने ते डोळ्यांनी पाहिले होते.

मार्चमध्ये त्याने वॉलेस यांना पत्र लिहिले. तुमचा जाहीरनामा निघाल्यापासून मी हात उचललेला नाही, मला आता लढायचे नाही, चॅपमनच्या खुनात मी काय पाहिले ते न्यायालयात सांगायला तयार आहे, पण माझ्यावरचे आरोप रद्द व्हावेत, नाहीतर माझे शत्रू मला मारतील, असा त्याचा मजकूर. १५ मार्चला वॉलेस यांनी स्वतःच्या हाताने उत्तर लिहिले. येत्या सोमवारी रात्री नऊ वाजता म्हाताऱ्या विल्सनच्या घरी एकटा ये. तुला जे माहीत आहे म्हणतोस त्याची साक्ष दिलीस, तर तुला खटल्यातून मोकळे करण्याचा अधिकार मला आहे. कोणाला, अगदी कोणालाही सांगू नकोस. आणि शेवटी: जेसी इव्हान्सवर विश्वास ठेवू शकलास, तर माझ्यावरही ठेवू शकतोस.

या शेवटच्या वाक्यापाशी मी दरवेळी थांबतो. राज्याचा प्रमुख एका पोराला सांगतो आहे, की तू गुंडाच्या शब्दावर विसंबलास, माझ्या शब्दाची किंमत त्याहून कमी नाही. वाक्य वॉलेस यांचेच आहे, कोणी त्यांच्या तोंडी घातलेले नाही.

१७ मार्चच्या रात्री बिली आला. एका हातात रायफल, दुसऱ्या हातात पिस्तूल, असे वॉलेस यांनी पुढे म्हातारपणी सांगितले. बेत असा ठरला, की बिलीने खोटी अटक करवून घ्यायची, म्हणजे फितुरीचा संशय येणार नाही. चार दिवसांनी तो आपण होऊन शेरीफच्या हाती लागला. त्याला गावातच एका घरात पहाऱ्यात ठेवले. वॉलेस यांनी वॉशिंग्टनला लिहिलेल्या पत्रात एक लहानशी नोंद आहे: रात्री गाण्याबजावण्याचा आवाज आला म्हणून पाहिले, तर गावातले वाजंत्री त्या कैद्याच्या खिडकीखाली उभे राहून गात होते. लिंकनचे बहुतेक रहिवासी स्पॅनिश बोलणारे, दुकानाच्या उधारीखाली दबलेले शेतकरी आणि मेंढपाळ. बिली त्यांची भाषा त्यांच्यासारखी बोलायचा. गव्हर्नरला या प्रकाराचे नवल वाटले होते. त्या लोकांना काय वाटत होते हे कोणी लिहून ठेवले नाही, गाणी मात्र ऐकू येऊन गेली.

एप्रिलमध्ये बिलीने ग्रँड ज्युरीसमोर, म्हणजे कोणावर आरोप ठेवायचा हे ठरवणाऱ्या नागरिकांच्या मंडळासमोर, साक्ष दिली. चॅपमनच्या खुनाबद्दल डोलन आणि कॅम्पबेलवर आरोप निश्चित झाले, इव्हान्सवरही झाले. मे महिन्यात कर्नल डडलीच्या लष्करी चौकशीतही तो साक्षीला उभा राहिला. ज्यांच्या विरुद्ध तोंड उघडले तर त्या गावात माणूस दुसरी पहाट पाहत नसे, त्यांच्याविरुद्ध त्याने दोनदा तोंड उघडले. सौद्यातला त्याचा वाटा तिथे संपला.

आणि सरकारचा? जिल्हा सरकारी वकील विल्यम रायनरसन यांनी बिलीवरचा खटला मागे घ्यायला साफ नकार दिला. हे रायनरसन डोलन गटाचे उघड मित्र होते. त्यांच्याबद्दल आणखी एक गोष्ट नोंदवून ठेवतो: डिसेंबर १८६७ मध्ये याच गृहस्थांनी सांता फेच्या हॉटेलात न्यू मेक्सिकोचे मुख्य न्यायाधीश जॉन स्लाउ यांना गोळी घालून ठार केले होते, आणि स्वसंरक्षण या सबबीवर ते निर्दोष सुटले होते. मुख्य न्यायाधीशाला मारणारा माणूस सरकारी वकिलाच्या खुर्चीत बसून ठरवत होता, की शेरीफला मारणाऱ्या टोळीतल्या पोराला सोडता येणार नाही.

जूनमध्ये बिली पहाऱ्यातून निघून गेला. वॉलेस सांता फेला आपल्या कामात होते. पुढचे सगळ्यांना माहीत आहे. गुरेचोरी, दारूच्या गुत्त्यातला एक खून, डोक्यावर पाचशे डॉलरचे इनाम, आणि जाहिरातीखाली सही लू वॉलेस यांची. डिसेंबर १८८० मध्ये पॅट गॅरेटने त्याला पकडले. एप्रिल १८८१ मध्ये मेसिया गावी न्यायाधीश वॉरन ब्रिस्टल यांच्यापुढे खटला चालला आणि ब्रेडीच्या खुनासाठी त्याला फाशीची शिक्षा सुनावली गेली. लिंकनच्या त्या सगळ्या रक्तपातात, दोन्ही बाजूंचे मिळून, दोषी ठरलेला हा एकच माणूस. चोर सोडून संन्याशाला फाशी, असे आपण म्हणतो. इथे संन्यासी कोणी नव्हता. चोरांच्या मेळ्यातून नेमका तो एक निवडला गेला, ज्याने बाकीच्यांची नावे सरकारला सांगितली होती.

आता विरोधकांचे मुद्दे घेतो, कारण त्यांत दम आहे.

पहिला मुद्दा: करार बिलीनेच मोडला, तो पळाला. तारखा पाहा. साक्ष एप्रिलमध्ये आणि मेमध्ये झाली, पळाला जूनमध्ये. सरकारी वकिलाने खटला दुसऱ्या काउंटीत, म्हणजे जिल्ह्यात, हलवून घेतला होता, म्हणजे सौद्याकडे पाठ फिरवली ती आधी सरकारने. ज्याने शब्द दिला तो गावात नाही, आणि ज्याच्या विरुद्ध साक्ष दिली त्यांचा मित्र आपल्यावर खटला चालवणार, अशा स्थितीत बसून राहायला कोण सांगेल? गरज सरो, वैद्य मरो, हे त्याला त्या जूनमध्ये कळून चुकले होते.

दुसरा मुद्दा: सरकारी वकील गव्हर्नरच्या मुठीत नव्हता, वॉलेस बिचारे काय करणार? हा मुद्दा मला काही दिवस अडवून बसला होता. पण न्यू मेक्सिको हा प्रदेश १८५० साली ज्या कायद्याने स्थापन झाला, त्यात प्रदेशाच्या कायद्याखालच्या गुन्ह्यांना माफी देण्याचा अधिकार गव्हर्नरला दिलेला होता. खटला थांबवता आला नसेल, तर शिक्षा झाल्यावर माफी देता आली असती. एप्रिल १८८१ मध्ये शिक्षा झाली तेव्हा वॉलेस अजून गव्हर्नर होते आणि बिलीची चारही पत्रे त्यांना गेलेली होती. त्यांनी वर्तमानपत्राच्या बातमीदाराला सांगितले ते एवढेच, की अशा माणसाने माझ्याकडून दयेची अपेक्षा का करावी हे मला समजत नाही. पुढे ते तुर्कस्तानात अमेरिकेचे राजदूत म्हणून गेले.

तिसरा मुद्दा सगळ्यात जड आहे. २८ एप्रिल १८८१ ला फाशीची वाट पाहत असताना बिलीने लिंकनच्या तुरुंगातून पळताना जेम्स बेल आणि बॉब ओलिंजर या दोन पहारेकऱ्यांना मारले. बेल भला माणूस होता असे सगळेच सांगत. त्याला माफी कशी द्यायची? माझे उत्तर: देऊ नये. अर्जातही ती मागितली नव्हती. अर्ज ब्रेडीच्या एका खटल्यापुरता होता, कारण सौदाही तेवढ्यापुरताच होता. बेल आणि ओलिंजर यांच्या रक्ताचा डाग बिलीच्या नावावर राहील. गॅरेटने १४ जुलै १८८१ च्या रात्री फोर्ट समनर इथे अंधाऱ्या खोलीत त्याला गोळी घातली, तेव्हा तो दोन पहारेकऱ्यांना मारून पळालेल्या माणसाच्या मागावर होता. त्या माफीने गॅरेटच्या कामाला धक्का लागत नाही. त्याच्या घरच्यांची भीती मला समजते, पण माफीचा हुकूम नीट लिहिला तर ती उरत नाही.

‘मेलेल्याला माफी देऊन उपयोग काय’ असेही विचारले जाते. हेन्री फ्लिपर हा वेस्ट पॉइंट लष्करी अकादमीतून पदवी घेणारा पहिला कृष्णवर्णीय अधिकारी. टेक्सासच्या सरहद्दीवरच्या छावणीत १८८१ सालीच, म्हणजे बिली मेला त्याच वर्षी, त्याच्यावर लष्करी खटला भरला, आणि पुढच्या वर्षी त्याला सैन्यातून काढले. १९९९ मध्ये राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांनी त्याला मरणोत्तर माफी दिली. फ्लिपर निष्पाप होता, बिली नव्हता, हा मोठा फरक आहे आणि तो मी पुसत नाही. पण सरकारने स्वतःच्या हातून झालेली चूक शंभर वर्षांनंतरही कागदावर कबूल करता येते, हे त्या देशाने करून दाखवले आहे.

आपल्या भाषेत या सगळ्यासाठी एक अचूक शब्द आहे: माफीचा साक्षीदार. कोर्टाच्या बातम्या वाचणाऱ्या कोणालाही तो समजावून सांगावा लागत नाही. आपल्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३०६ ने ही माफी गुप्त भेटीत दिली जात नव्हती. ती न्यायदंडाधिकारी किंवा न्यायालय द्यायचे, का दिली याची कारणे लिहायचे, आणि आरोपीने ती स्वीकारली की नाही याचीही नोंद करायचे. पुढच्या एका कलमात तर असे होते, की शर्त मोडली म्हणून सरकारने त्याच्यावर खटला भरला, तर ‘मी शर्त पाळली’ असे म्हणण्याचा त्याला हक्क. न्यायालयाला ते पटले तर बाकी काहीही असो, त्याला सोडावेच लागायचे. नव्या नागरिक सुरक्षा संहितेतही ही व्यवस्था कायम आहे. बिलीला अशा न्यायालयापुढे उभे केले असते, तर वॉलेस यांचे पत्र आणि एप्रिलच्या साक्षीची नोंद एवढ्या दोन कागदांवर निकाल लागला असता.

हे लिहिताना डेव्हिड हेडलीचे नाव टाळता येत नाही. २६/११ च्या हल्ल्याची पाहणी करून देणारा हा माणूस मार्च २०१० मध्ये शिकागोच्या न्यायालयात गुन्हा कबूल करून मोकळा झाला. त्याबदल्यात अमेरिकन सरकारने दोन गोष्टी मान्य केल्या: त्याला फाशी होणार नाही आणि भारताच्या हवाली केले जाणार नाही. आपण वर्षानुवर्षे त्याला मागत राहिलो. अमेरिका हलली नाही. डिसेंबर २०१५ मध्ये मुंबईच्या न्यायालयानेही, सगळे खरे सांगण्याच्या अटीवर, त्याला माफीचा साक्षीदार केले आणि पुढच्या फेब्रुवारीत त्याने पडद्यावरून साक्ष दिली. १६६ माणसे मेली त्या हल्ल्यात. त्याला मिळालेल्या सवलतीचा राग मुंबईकराला येणारच, मलाही येतो. पण रागाच्या पोटातही एक गोष्ट मला मान्य करावी लागते, की तो शब्द अमेरिकेने मोडला असता तर त्यानंतर कुठल्याही कटातला कुठलाही माणूस तोंड उघडायला तयार झाला नसता. ज्या २०१० मध्ये हेडलीला दिलेला शब्द लिहिला गेला, त्याच २०१० च्या शेवटच्या दिवशी बिलीला दिलेला शब्द पुन्हा नाकारला गेला. दोघांतला बिली जास्त नालायक होता असे कोणी म्हणेल का?

रिचर्डसन यांनी नकाराचे जे कारण दिले तेच मला सगळ्यात जास्त खटकते. निर्णायक पुरावा नाही आणि वॉलेस यांनी आपला शब्द का फिरवला याबद्दल इतिहासात संदिग्धता आहे, असे ते म्हणाले. नीट ऐकले तर त्यात कबुली आहे. शब्द दिला होता हे मान्य, तो फिरवला हेही मान्य, फक्त का फिरवला ते कळत नाही. पण शब्द देणाऱ्याने तो कोणत्या कारणाने मोडला याची शहानिशा होईपर्यंत, ज्याला तो दिला होता त्याने ताटकळत का राहायचे?

बाकीच्यांचे काय झाले तेही सांगायला हवे. डोलनला शिक्षा झाली नाही, आणि टन्स्टलची मालमत्ता पुढे त्याच्याच हाती गेली. डडली लष्करी चौकशीत निर्दोष ठरला. कॅट्रन न्यू मेक्सिकोतले सगळ्यात मोठे जमीनदार झाले, आणि १९१२ मध्ये न्यू मेक्सिको राज्य झाले तेव्हा तिथून वॉशिंग्टनला गेलेल्या पहिल्या दोन सिनेटरांपैकी एक तेच होते. त्यांच्या नावाची काउंटी आजही नकाशावर आहे. मेस्कालेरो लोकांच्या तोंडचे मांस आणि पीठ ज्यांनी खाल्ले त्यांची चरित्रे सन्मानाने लिहिली गेली. ‘आउटलॉ’ हा शिक्का एकाच्याच कपाळी बसला, आणि मग त्याच शिक्क्याचा धंदा झाला. बिलीचा पत्र्यावर काढलेला एक छोटा फोटो २०११ मध्ये डेन्व्हरला तेवीस लाख डॉलरला विकला गेला. त्या फोटोत पिस्तूल त्याच्या डाव्या कमरेला दिसते, म्हणून कित्येक वर्षे तो डावखुरा होता असे सगळे लिहीत राहिले. पत्र्यावरचा फोटो आरशासारखा उलटा येतो. हातातल्या विंचेस्टर रायफलची गोळ्या भरायची खाच भलत्या बाजूला दिसते, एवढे कोणी लक्ष देऊन पाहिले असते तर चूक पहिल्या दिवशीच कळली असती.

माफीने बिलीचे कौतुक होईल, पोरांपुढे चुकीचा आदर्श जाईल, ही भीती म्हणूनच मला पटत नाही. कौतुक व्हायचे तेवढे होऊन गेले आहे, तेही माफीशिवाय. माफीचा हुकूम निघाला तर उलट लोकांना त्या गोष्टीत गव्हर्नर, सरकारी वकील, कंत्राटदार आणि साक्षीदार दिसतील, जे आज दिसत नाहीत.

न्यू मेक्सिकोचा कुठलाही गव्हर्नर हे अजूनही करू शकतो. हुकूम अर्ध्या पानाचा पुरेल. त्यात १५ मार्च १८७९ च्या पत्राचा उल्लेख असावा, एप्रिल आणि मेमधल्या साक्षींचा असावा, ब्रेडीच्या खटल्यातली शिक्षा त्या कराराप्रमाणे माफ केली आहे असे एक वाक्य असावे, आणि बेल व ओलिंजर यांच्या मृत्यूला हा हुकूम लागू नाही असे दुसरे. ब्रेडीच्या कुटुंबाने काय सोसले त्याची नोंदही त्याच कागदावर यावी.

तो कागद लावायला जागाही आहे. डोलनची ती दोन मजली इमारत नंतर काउंटीने विकत घेतली आणि तिचे कोर्ट केले. बिलीला फाशीसाठी ज्या वरच्या खोलीत बेड्या घालून ठेवले ती खोली त्याच दुकानाची. इमारत आज सरकारने जपलेली आहे, लोक लांबून ती पाहायला येतात. जिन्यात बेलला लागलेल्या गोळीची जागा त्यांना दाखवतात. त्या जिन्याच्या वर, त्या खोलीत, वॉलेस यांच्या पत्राची नक्कल आणि तिच्याशेजारी हा हुकूम टांगावा.